अठरावं लागलं होतं

माझ्या नातीची, आरतीची, शाळेतली जन्मतारीख एक जून आहे. आमच्या गावातल्या निम्म्या पोरांची एक जूनच आहे. अकोले तालुक्याच्या डोंगरात तेव्हा बाळंतपणं घरीच व्हायची आणि ग्रामपंचायतीत नोंद करायला कुणी जात नसे. पहिलीत घालायला पोर सहा वर्षांचं लागे. आरतीला सहा महिने कमी पडत होते. मास्तर म्हणाले, "वर्ष कशाला वाया घालवायचं?" आणि एक जून लिहून मोकळे झाले. मी त्यांना खुशीनं घरचे तांदूळ दिले होते.

गेल्या जुलैत, भाताच्या लावणीच्या दिवसांत, आरती बाजारातून जीपनं येत होती. जीपवाल्यानं बाकीची माणसं वाटेत उतरवली आणि तिला धरणाच्या अंगाला नेलं. त्याला स्वतःची दोन लेकरं आहेत. पोलिसांना तो म्हणाला, पोरगी राजीखुशीनं आली होती.

शाळेच्या दाखल्यावर तिला तेव्हा अठरा भरून महिना उलटला होता. हाडांचे फोटो काढले, तर डॉक्टरांनी सतरा ते एकोणीस लिहिलं. तिची आई मागेच वारली. ती जन्मली तेव्हा बाप, माझा सूर्यभान, ऊसतोडीला गेलेला. ते मास्तरही आता राहिले नाहीत. सांगणारी मी एकटीच उरले.

सरकारी वकीलबाईंनी मला समजावलं होतं. "आजी, ती अठराच्या आत होती हे ठरलं, की तिची मर्जी होती का, हा प्रश्नच राहत नाही. नाही ठरलं, तर समोरचा वकील तिला उभं करून एकेक विचारील."

"काय विचारील?"

बाई चष्मा पुसत राहिल्या.

कोर्टाचं दार लावून घेतलं. जीपवाल्याचा वकील गोड बोलायचा. "आजी, खुर्ची घ्या. नातीचा जन्म आठवतो का?"

आठवतो का! ती चंपाषष्ठी होती. खंडोबाच्या नैवेद्याला वांगी चुलीत भाजायला टाकली होती, तेवढ्यात सुनेच्या पोटात कळा सुरू झाल्या. वांग्यांचा कोळसा झाला. शेजारची ज्ञानेश्वरीबाई हातातलं पीठ तसंच घेऊन धावत आली. पोर रडली तेव्हा माझे मालक ओसरीवर होते, त्यांनी तिथूनच भंडारा उधळला, तो सुनेच्या वाळत घातलेल्या लुगड्यावर पडला. त्या घरात तेव्हा किती माणसं होती! त्यातली आता मी आणि ती पोर, दोघीच उरलोय. मला असलं जुनं आता कुणी विचारत नाही. मी सांगत गेले आणि तो मान डोलवत गेला.

"वा. दिवस अगदी पक्का. साल कोणतं?"

"तवा आमचा सोन्या बैल हुता."

"बैलाचा दाखला हाय का, आजी?"

जज्जसाहेबांनी त्याच्याकडं रोखून पाहिलं. तो लगेच गंभीर झाला. "बरं, ऱ्हाऊ द्या. गेल्या लावणीला पोरगी केवढी हुती?" आता तो माझ्याच बोलीत बोलत होता.

"अठरावं लागलं हुतं."

साहेबांनी सांगितलं आणि टाइप करणाऱ्या बाईंनी उतरवून घेतलं: घटनेच्या वेळी मुलगी अठरा वर्षांची होती.

ते कानावर आलं तशी मी खुर्चीतून उठले. "न्हाई साहेब, अठरा न्हाई! अठरावं लागलं म्हंजी सतरा सरली. लागलं येगळं, भरलं येगळं."

"साहेब, सरकारी वकिलांकडं बघून साक्षीदार बदलतेय," वकील म्हणाला.

"कुणाकडं बघू रं? तुझ्या घरात लेकराला पयलं वरीस कधी लागतं? जन्मल्या दिसापासून ना?"

साहेबांनी पेन खाली ठेवलं. "आजी, साल सांगता येईल का? अंदाजानं नको, पक्कं."

कुणाची सोयरीक तुटली, कुणाची विहीर लागली, सगळं मला त्या वर्षातलं आठवत होतं. सालाचा आकडा तेवढा कधी लागला नव्हता. मी मान हलवली. साहेब म्हणाले, "दोन्ही वाक्यं घ्या. आजी म्हणतात तसंच घ्या."

बाहेर आल्यावर वकीलबाई म्हणाल्या, "लिहून घेतलंय. पण एवढ्यावर भागेल असं मला वाटत नाही. उद्या आरतीला बोलावं लागेल."

आवारातल्या कडुनिंबाखाली आरती बापाशेजारी बसली होती. सूर्यभान चहा आणायच्या निमित्तानं उठून गेला. मी तिला जे घडलं ते सांगितलं. ती पायाच्या अंगठ्यानं माती उकरत राहिली.

"आजे, त्यो वकील इचारील ते तूच इचार मला आत्ता."

"मी?"

"तुझ्यापुढं तोंडातनं निघालं, तर उद्या निघंल."

तिनं माझा हात धरला आणि वाट बघत बसली.

"वराडली का न्हाईस?" मी विचारलं.

"वराडले की." ओठ हलले तेवढे दिसले. "त्यानं गाण्याचा आवाज वाढिवला."

"मोठ्यानं बोल, बाय," मी म्हणाले. "साहेब लांब बसत्यात."