राणीची खुर्ची

मी राणीची खुर्ची बोलतेय. इंदूरच्या एका मराठी नाट्यमंडळाची, सागवानी, राजाच्या सिंहासनाहून वीतभर बुटकी. सुताराने मुद्दामच तशी केली होती.

मंडळ दरसाल एक जुनी शोकांतिका करी. खोट्या आळावर विश्वास ठेवून राजा पोटच्या मुलाला देहदंड देतो आणि खरं कळल्यावर आक्रोश करतो. राणीने माझ्यावर बसून डोळे पुसायचे. अख्ख्या नाटकात तिला एकच वाक्य. संस्थान गेलं, मध्यभारत राज्य आलं, तरी लोक यायचे ते राजा करणाऱ्या बाबूरावांचा आक्रोश ऐकायला. बाबूराव मिलमध्ये हेडक्लार्क.

एका वर्षी दिग्दर्शन मुलींच्या शाळेतल्या इंदुमतीबाईंकडे आलं. तालमीआधी त्या एकट्याच येऊन माझ्यावर बसत आणि राजाची भाषणं राणीच्या जागेवरून वाचत. मग त्यांनी ठरवलं, शिक्षा ऐकताच राणी उठून जाईल, परतणार नाही. आक्रोशातला शब्दही कापायचा नाही; फक्त राजाने तो माझ्याकडे पाहून करायचा.

बाबूराव नाराज झाले. "बाई, पब्लिक माझ्यासाठी येते. मी काय रिकाम्या कुर्सीशी बोलू?"

"मुलगा तिचाही होता, बाबूराव. इतकी वर्षं रडता, तिच्याकडे एकदा तरी बघितलंत?"

ते तालीम सोडून निघून गेले. त्यांचा तरुण मुलगा टायफॉईडने गेला होता आणि तेव्हापासून नवराबायकोत कामापुरतंच बोलणं होतं, हे बाईंना मागाहून कळलं. बाईंचा चेहरा उतरला. माफी मागायला जाणार, तोच दुसऱ्या दिवशी बाबूराव तालमीला हजर.

प्रयोगात राणी उठून गेली. बाबूरावांनी नेहमीचा चढा सूर लावला, पण माझ्याकडे पाहिलं आणि आवाज बसला. शेवटची वाक्यं ते जमिनीवर बसून, माझ्या हातावर हात ठेवून बोलले. मागच्या रांगांना ऐकूही गेलं नाही. टाळी पडली नाही.

पडदा पडल्यावर ते रंग न पुसताच खाली उतरले आणि अंबिकाबाईंच्या, म्हणजे आपल्या पत्नीच्या, शेजारी जाऊन बसले. हॉल रिकामा झाला तरी दोघं तिथेच होती.

मंडळाला हा प्रकार रुचला नाही. बाईंची उज्जैनला बदली झाली. बाबूरावांनी पुन्हा राजा केला नाही. मी मागच्या खोलीत, सतरंज्यांच्या ढिगाशेजारी. दार उघडतं, माणसं सतरंज्या नेतात, दार लागतं.

तुमच्या घरात कुणी गप्प बसून असेल, तर जवळ जाऊन बसा. मी थांबेन, मी लाकूड आहे. माणसांपाशी तेवढा वेळ नसतो.