बुकेची हिरवी पट्टी

"पट्टी लावायच्या दिवशी मला बोलाव, एकटीने बसू नकोस," असं भीमाबाईंनी मृणालला फोनवर दोनदा सांगितलं होतं. मृणालने ते हसण्यावारी नेलं. सत्तरी ओलांडलेल्या बाईने कोपरीहून मानपाड्यापर्यंत यायचं, चार मजले चढायचे, आणि कशासाठी, तर फुलांच्या देठांना पट्टी गुंडाळायला. "आजी, मोबाइलवर व्हिडिओ आहेत ना. तू कशाला दगदग करतेस," म्हणून तिने विषय मिटवला. पलीकडे भीमाबाई बरं म्हणाल्या.

भीमाबाई तिच्या माहेरच्या शेजारीण. कोपरीच्या चाळीत दोन्ही खोल्यांमध्ये एकच भिंत होती. नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही. एका डेकोरेशनवाल्याकडे त्यांनी वीसेक वर्षं लग्नाचे बुके बांधले. आता चाळ पाडायची म्हणून बिऱ्हाडं पांगली होती. मृणालचे आईवडील साताऱ्याकडे गावी गेले. भीमाबाई तेवढ्या आपल्या खोलीत होत्या, आणि तळमजल्यावर दोन नवे भाडेकरू.

लग्न होतं मृणालच्या नणंदेचं, शिवानीचं. मृणालचं सासर आंबिवलीला, हॉल कल्याणला. घरात प्रत्येकाला काहीतरी काम मिळालं होतं, मृणालला मिळालं ते "तू यशूला सांभाळ, बाकीचं आम्ही बघतो." म्हणायचे सगळे मायेनेच. पण दहाव्यांदा ऐकल्यावर तिला वाटायला लागलं की दीड वर्षाची पोर हातात देऊन आपल्याला कडेला बसवलंय. लॅबमधली नोकरी सुटलेली, नवरा सुमित कंपनीच्या कामाला महिनाभर सुरतेत, लग्नालाही सुट्टी नाही. मोठ्या माणसाशी दिवसभरात बोलणं म्हणजे पाण्याचा जार आणणाऱ्याला "तिथेच ठेवा" एवढंच. म्हणून ती आपणहून म्हणाली की शिवानीच्या हातातला बुके मी करते, घरी. या लग्नात एक तरी वस्तू आपल्या हातची असावी, एवढंच तिला हवं होतं.

"वहिनी, नक्की ना?" शिवानीने विचारलं. "नाहीतर मी मोकळ्या हातांनी चालत येईन, आणि फोटोत जन्मभर तसंच दिसेल."

शनिवारी दुपारी सासरे फुलं देऊन गेले. पांढरे गुलाब, पांढरी जरबेरा, थोडा निशिगंध. यशू झोपली तशी मृणालने कात्री आणि देठांना बांधायच्या तारेचे तुकडे फ्रिजवर ठेवले, तुकडे मोजून ठेवले, कारण पोरगी सापडेल ते तोंडात घालते. मग खाली बसून तिने बुकेवाल्यांची ती हिरवी कागदी पट्टी सोडली. पट्टी चिकटेचना. सेलोटेपसारखा तिला डिंक नव्हताच. बादलीतले देठ तसेच ओले काढून तिने एक वेढा दिला, दोन दिले, शेवटी चिडून सात-आठ दिले. वरून बुके झकास दिसत होता. मग तिने आईला गजरे ठेवताना पाहिलं होतं तसंच केलं: अख्खा बुके ओल्या पंच्यात गुंडाळला आणि फ्रिजमध्ये ठेवला.

रविवारी सकाळी पंचा सोडला तर पट्टी देठांवरून मोज्यासारखी खाली घसरलेली. गुलाब एकमेकांतून निसटत होते, जरबेराच्या माना लवल्या होत्या. हॉलवर पोचायला तीनच तास उरले होते. यशू पायाला धरून रडत होती. मृणालने आधी सासूबाईंचा नंबर काढला आणि तसाच ठेवला. मग कोपरीला लावला.

भीमाबाईंनी पहिल्याच रिंगला उचलला.

"रडू नकोस. देठ ओले होते ना? आणि पट्टी ताणली नाहीस."

"ताणायची असते?"

"अगं, ताणल्याशिवाय तिचं मेण सुटून ती चिकटत नाही. सगळी पट्टी सोड आता. जुन्या सुती कपड्याने एकेक देठ कोरडा पूस. मला घाई नाही, तू पूस."

फोन स्पीकरवर ठेवून मृणाल पुसत गेली. भीमाबाईंनी लवलेली जरबेरा बाजूला काढायला लावली, धड गुलाब नऊच उरले. पट्टी तिरकी धर, तुटेल तुटेल वाटेपर्यंत ओढ, आणि पट्टी नको फिरवू, देठ फिरव, असं भीमाबाई सांगत राहिल्या. मध्येच यशूला हाका मारून तिच्याशीही बोलल्या. पट्टी या वेळी खरंच धरली. काम संपलं तरी भीमाबाई बोलत होत्या: कोणत्या साली कोणत्या नवरीचा बुके किती मोठा होता, तिचा बाप किती रडला. मृणालला निघायचं होतं, आणि फोन ठेवावासाही वाटत नव्हता.

"आजी, फोटो पाठवते."

"माझ्या फोनवर फोटो कुठले येतात. उद्या घेऊनच ये तो. वरणभात लावते." मग म्हणाल्या, "सहा दिवसांनी आज कुणाचा फोन आला बघ."

हॉलमध्ये शिवानी पांढऱ्या साडीत नऊ गुलाब घेऊन चालत आली. बुद्धवंदना झाली, हार झाले, फोटो झाले. बुके कुणी केला हे कुणी विचारलं नाही. मृणाल यशूला घेऊन मागच्या रांगेत उभी होती. तिला फक्त एका माणसाला सांगायचं होतं. निघताना तिने शिवानीकडून बुके मागून घेतला.

सोमवारी सकाळी यशूच्या पाठीवर पुरळ उठलं. डॉक्टर म्हणाले कांजिण्या, दहा दिवस घराबाहेर नाही, म्हाताऱ्या माणसांपासून तर लांबच ठेवा. मृणालने फोन करून सांगितलं. भीमाबाई म्हणाल्या पोरीला बघ आधी, पण आवाज खोल गेलेला. छातीत जरा भरल्यासारखं होतंय, सर्दी असेल, असंही म्हणाल्या.

मंगळवारी फोन नुसता वाजत राहिला. बुधवारी बंद. सुमित सुरतेहून म्हणाला चार्जिंग संपलं असेल, तू उगाच काहीतरी मनात घेतेस. आईकडे त्या नव्या भाडेकरूंचे नंबर नाहीत. ठाण्यातल्या मैत्रिणीला, ऐश्वर्याला, मेसेज केला. तिने वाचला, उत्तर आलं नाही. सासूबाई लग्नानंतरच्या पाहुण्यांत. पोर तापाने मांडीवर, आणि मृणाल दर दहा मिनिटांनी तोच नंबर लावते आहे.

म्हणून हे वाचणारं कुणी कोपरीत राहत असेल, किंवा आज तिकडून जाणार असेल, तर मृणालचं एवढं काम करा, भीमाबाई बऱ्या आहेत का बघा. ठाणे स्टेशनच्या बाजूने आलात की पिंपळाच्या मागे जवळजवळ रिकामी चाळ दिसेल. वरच्या मजल्यावर डावीकडून तिसरी खोली, निळं दार. मृणालने पाठवलंय म्हणा. आणि दार वाजवल्यावर लगेच निघू नका, त्यांना उठायला वेळ लागतो.