हशा कोणी खाल्ला?

मी एक जुनी फटफटी आहे. मित्रांनो, लगेच माझी चाकं शोधू नका. मी बांबूची आहे. हातभर वाळका बांबू घेतला, एका टोकाकडून मध्यापर्यंत उभा चिरला, मुठीला सुतळी गुंडाळली, की झाले मी तयार. पाठीवर पडले की माझ्या दोन फाका एकमेकींवर 'फट्' आपटतात. आवाजानं मागच्या रांगेतली म्हातारी दचकते, पण मार खाणाऱ्याला लागत मात्र काही नाही.

वर्ध्याकडच्या रोहणा गावच्या तानबाजी आणि बबनराव यांच्या लाडक्या जोडीत मी तिसरी. खडी गंमत हा आमच्याकडचा ढोलकीवरचा, उभ्या उभ्या करायचा खेळ. त्यात तानबाजी मालक होत आणि बबनराव गडी. मालक काम सांगे, गडी "काऊन?", म्हणजे 'का?', असं विचारी, आणि पुन्हा पुन्हा विचारलं की मी त्याच्या पाठीवर वाजे. देवळीच्या बाजारात बबनराव दिसले, की पोरं लांबूनच "काऊन? काऊन?" ओरडत.

जोडीचा एक नियम होता. ज्यानं मार खायचा, काठी त्याच्या घरी राहायची. तिच्यात कुणी खिळा ठोकला नाही ना, हे त्याला बघता यावं म्हणून. त्यामुळे मी बबनरावांच्या घरी खुंटीला असे. खुंटीवरून एकाच घरातलं बोलणं ऐकू येतं, मित्रांनो.

गेल्या हिवाळ्यात त्या घरात संशय शिरला. हसवणाऱ्यांचा एक शिरस्ता असतो. लोक हसत असताना पुढचं वाक्य बोलायचं नाही. हशा ओसरू द्यायचा. पण तानबाजी भर हशातच बोलू लागले. लोक गप्प होत, आणि बबनरावांचा विनोद अर्ध्यावर मरे.

"तानबा माहा हशा खाऊन राह्यला," बबनराव घरी येऊन म्हणाले.

"म्या त पयलेच म्हटलं होतं," त्यांच्या पत्नी रुख्माबाई तव्यावरची भाकर उलटत म्हणाल्या. "मार तुमी खाता अन् हार तो घालते."

मग त्यांचा मुलगा सचिन वर्ध्याहून आला. "बाबा, तानबाकाका सावंगीच्या बसमधी दिसले. कानटोपी घालून, खिडकीकडं तोंड करून. म्या आवाज देल्ला, पाह्यलंबी नाई."

"सावंगीले? तिथं कॉलेजच्या पोरांचे कार्यक्रम होतात ना?"

"हो. रोजच काही ना काही असते."

"म्हंजे नवी जोडी बांधून राह्यला लेकाचा!"

त्या दिवसापासून प्रत्येक गोष्टीला वास येऊ लागला. तानबाजी उशिरा आले, तरी संशय. लवकर आले, तरी संशय. मलाही त्यांची मूठ परकी वाटू लागली. शेवटी बबनरावांनी ठरवलं, देवळीचा खेळ झाला की ही जोडी मोडायची.

देवळीला गर्दी दाटली होती. बबनरावांनी पहिलाच "काऊन?" असा ओढला, की सगळा मांडव हसला. आणि भर हशात तानबाजी पुढचं वाक्य बोलू लागले. बबनरावांचा संयम सुटला. त्यांनी मला ढोलकीजवळून उचललं आणि तानबाजींच्या पाठीमागून विचारलं, "माहा हशा काऊन खातं बे?"

तानबाजी समोर बघत उभेच.

"तानबा!"

तरी वळले नाहीत. लोकांना वाटलं, हाही खेळच. ते आणखी हसले. बबनरावांचा उगारलेला हात मात्र खाली आला. त्यांनी मला हलकेच तानबाजींच्या पाठीवर टेकवलं. तेव्हा तानबाजी वळले, आणि त्यांचे डोळे आधी बबनरावांच्या ओठांवर गेले.

पुढचा खेळ वेगळाच झाला. गडी मालकाला मारू लागला. हशा ओसरला, की मी तानबाजींच्या पाठीवर वाजे, आणि ते नेमके तेव्हाच बोलत. एकही विनोद मेला नाही.

खेळ संपल्यावर पडद्यामागं बबनरावांनी तानबाजींना समोर बसवलं आणि एकेक शब्द सुटा करून विचारलं, "सावंगीले कायले जातं?"

"तिथल्या मोठ्या दवाखान्यात, कान दाखवाले. एक गेला, दुसऱ्यात थोडंसं उरलं हाय."

"मले काऊन नाई सांगतलं?"

तानबाजींनी मान खाली घातली. "मले वाटलं, तू दुसरा जोडीदार पाहशीन."

"लेका, इतके वर्सं मार खाल्ला तुहा, तवा गेलतो का सोडून?"

तानबाजी हसले, आणि बबनराव त्यांचं हसू पुरतं ओसरेपर्यंत थांबले.

मित्रांनो, माझ्या फाका आता झिजल्या आहेत. आवाज पूर्वीसारखा निघत नाही. पण एवढं सांगते. एखाद्याबद्दल मनात शंका आली, तर घरात बसून तिला खतपाणी घालू नका, त्याच्याकडे जा. आणि हाक मारूनही तो वळला नाही, तर रागावू नका. जवळ जाऊन त्याच्या खांद्यावर हळूच थोपटा. बांबूनं नव्हे हं, हातानं.