सभेचं हळदीकुंकू

सव्वीस जानेवारीच्या ग्रामसभेला बायका आल्याच पाहिजेत, या एकाच ध्यासाने चारुलता आठवडाभर भिंगरीसारखी फिरत होती. माळव्यातल्या त्या गावी स्थायिक झालेल्या मराठी घरातली ती सून, आणि वरच्या आळीची पंच. गावाला पाण्याची टाकी मंजूर झालेली, आणि ती टेकडीवर बांधली तरच वरच्या आळीत नळाला पाणी चढणार, हे शेंबडं पोरही सांगेल. पण सरपंच मल्हाररावांना ती हवी होती खाली, स्वतःच्या शेताच्या फाटकाशी.

त्यांचा डाव जुनाच होता. सभेला ठरावीक माणसं लागतात, त्यात तिसरा हिस्सा तरी बायका. बायका येत नाहीत, सभा तहकूब होते, आणि तहकूब झालेली सभा पुन्हा भरली की कोरमची अट उरत नाही. मग मल्हारराव आपली चार टाळकी घेऊन बसतात आणि हवं ते मंजूर करून घेतात. पंचायत राज म्हणतात ते हेच असेल, तर घरोघरी मुदपाकखान्यात बसलेल्या बायकांच्या जिवावरच ते चाललं होतं म्हणायचं!

"पंचायतीत येत नाहीत ना? हळदीकुंकवाला तर धावत येतात!" एका सकाळी चारुलताला सुचलं आणि ती एकटीच खुदकन हसली. संक्रांतीचेच दिवस होते. शेजारच्या माळवी बायकांनाही एव्हाना हळदीकुंकवाची गोडी लागलेली. तिने हाटपिपल्याच्या बाजारातून वाणाला स्टीलचे पेले आणले, तिळाचे लाडू वळले आणि सवाष्णींना दारोदार आमंत्रण दिलं. "पंचायत भवनात यायचं. आणि वाण सभा संपल्यावर हं!"

वाण घेतल्याशिवाय हळदीकुंकवातून उठणारी बाई अजून जन्मायची होती.

आणि बायका आल्या! जरीच्या, काळ्या, हिरव्या साड्यांनी पंचायत भवन भरून गेलं. मल्हाररावांचा चेहरा पाहून चारुलताला नाचावंसं वाटत होतं. तेवढ्यात सचिव धीरज मोजणी करून तिच्याजवळ आला.

"चारूदीदी, बाया कम पडतायत. पाच-सहा तरी अजून हव्यात."

चारुलताने बायकांच्या रांगा पुन्हा डोळ्यांनी मोजल्या.

"मग तहकूब करा धीरजभिया," मल्हारराव लाडू चघळत म्हणाले. "लाडू मात्र झकास झालेत, सूनबाई."

"दोन मिनिटं थांबा!" म्हणत ती बाहेर धावली. कुणाला हाक मारावी? आळीत तर आता मांजरसुद्धा नव्हतं. आणि पाहते तो काय, कडुनिंबाच्या ओट्यावर तिची सासू सावित्रीबाई बसलेली, आणि शेजारी आळीतल्या सगळ्या विधवा बायका. धुतलेल्या साड्या नेसून, डोक्यावर पदर घेऊन.

"माई! तुम्ही इथे कशा? आत का नाही आलात?"

"सभेलाच आलो होतो गं. पण आत तुझं हळदीकुंकू चाललंय. ते आटोपेल म्हणून बसलो."

चारुलताला मेल्याहून मेल्यासारखं झालं. साऱ्या गावाला बोलावून आली होती ती, आणि घरातल्या माणसाला विचारायचं तिच्या मनातही आलं नव्हतं. उलट ज्यांना पाणी हवं होतं त्यांनाच तिने दाराबाहेर बसवलं होतं. ती तशीच आत पळाली आणि तबक घेऊन ओट्याशी आली. मागे दारात बायका गोळा झाल्या. "अगंबाई!" कुणीतरी पुटपुटलं. चारुलताचं बोट कुंकवात बुडलं आणि तिथेच अडलं. इतक्या वर्षांनी माईंना हे चालेल का?

सावित्रीबाईंनी तबकाकडे पाहिलं, दारातल्या गर्दीकडे पाहिलं, आणि गर्दीच्या मागे उठून उभ्या राहिलेल्या मल्हाररावांकडे पाहिलं.

"बघतेस काय? लाव की! लवकर लाव, टाकी चालली खाली!"

दारातल्या बायका खो खो हसल्या, आणि ते "अगंबाई" कुठल्या कुठे विरलं. भराभरा कुंकू लागलं, सगळ्या आत आल्या. धीरजने पुन्हा मोजलं आणि ओरडलाच, "कोरम पूरा!"

टेकडीचा ठराव मतांना आला. घाईत सावित्रीबाईंचं कुंकू वाकडं झालं होतं, नाकावर सांडलं होतं. डोळे पुसत चारुलता ते नीट करायला वाकली, तर त्यांनी तिचा हात धरून बाजूला केला.

"राहू दे गं. आधी हात वर कर."