झळाळ ग्रहाची पिवळी खूण

“अब्बा, डाग कुठाय?”

मी एवढ्या जोरात ओरडले की बाजारतळावरच्या चिंचेखाली झोपलेलं कुत्रं उठून चालतं झालं. अब्बांच्या हातात पुतळाबाईंची लग्नकार्याची पितळी परात होती. आतून नुसती चांदी! या काठापासून त्या काठापर्यंत. कुठं एक ठिपका राहिलेला नव्हता, आणि मला नेमका तोच हवा होता.

“डाग? माझ्या कल्हईत?” अब्बा हसले. “येडी का काय तू?”

“सांगितलं होतं ना, सांडशीनं धरता ती जागा सोडा म्हणून!”

“सांगितलं व्हतंस. पर हातानं ऐकलं न्हाई.”

कल्हई करताना परात काठाला सांडशीनं धरावी लागते. धरलेल्या जागी कथील लागत नाही. म्हणून शेवटी पकड बदलून तेवढी बोटभर जागाही झाकायची. अब्बा ती कधी विसरले नाहीत. आणि आज संध्याकाळी आमच्या मांडवगणच्या शाळेत स्नेहसंमेलन, त्यात माझं नाटक. मी लिहिलेलं! झळाळ नावाचा ग्रह, तो कसा जन्मला, सगळं माझ्या डोक्यातून निघालेलं. त्या ग्रहाची खूण म्हणजे चांदीच्या गोलात काठाशी एक पिवळा ठिपका. खूण नाही तर नाटक कसलं?

“मग खरवडा तेवढं.”

“झालेलं काम खरवडू?” अब्बांचा आवाज बदलला. “शायना, सोमवारपासनं मी शिक्रापूरला कंपनीत वॉचमन. लोकं आता स्टीलच घेत्यात. पुतळाआक्काच्या परातींची ही जोडी म्हंजी माझं शेवटचं काम. त्यात डाग ठिवला तर गाव काय म्हनंल? सिद्दीकला जाता जाता जमंना झालं?”

मी पाय आपटणारच होते. तेवढ्यात ‘जोडी’ हा शब्द डोक्यात शिरला. दुसरी परात व्हायची होती! अम्मीनं वाळूनं घासून ठेवलेली, पिवळीधमक.

“ही नाटकात करा! सगळ्यांच्या पुढ्यात!”

भात्याजवळ बसलेली अम्मी आमच्याकडं वळली. ती म्हणाली, “चलो ना जी. पोरी इतना बुलारी. भाता मैं मारती.”

“येतो,” अब्बा म्हणाले. “पर डागाचं तवाचं तवा बघू.”

संध्याकाळी मैदानात, स्टेजच्या अगदी पुढ्यात खड्डा खणून भट्टी पेटवली. पाचवीत असताना पोरं मला ‘ए नवसागर’ म्हणून चिडवायची, कारण माझ्या दप्तराला कल्हईच्या त्या पांढऱ्या पुडीचा वास यायचा. आज तीच पोरं पहिल्या रांगेसाठी भांडत होती. विश्वजीत तर म्हणाला, “शायना, कोळसं टाकायला तरी घे की मला नाटकात!”

“बघते,” मी म्हणाले. आणि बघितलं नाही.

अनिता मॅडमनी माईक हातात दिला. मी तो तोंडाशी धरला.

“आधी काहीच नव्हतं. आभाळ म्हणजे बिनकल्हईची परात. तिच्यात चंद्र ठेवला, ताकासारखा कळकून नासला. चांदण्या ठेवल्या, कळकल्या. मग एक बाई आली. तिनं भाता दाबला, तोच झळाळवरचा पहिला वारा!”

अम्मीनं भाता दाबला. निखारे फुलले. अम्मी पदराआड हसत होती.

“तिनं आभाळ विस्तवावर धरलं...”

अब्बांनी नवसागर टाकला. भसकन पांढरा धूर उठला. त्यांनी कथील टेकवलं, कापसाचा बोळा फिरवला, आणि पिवळ्या परातीत चांदी धावत सुटली. अख्खं मैदान “ओऽऽ” म्हणालं. लहानपणापासून बघतेय मी हे, तरी माझ्या अंगावर काटा आला.

आता सांडशीखालची तेवढीच जागा उरली. अब्बांनी सवयीनं पकड बदलली. बोळा उचलला.

माझं एक वाक्य बाकी होतं. ते मी त्यांना कधी ऐकवलंच नव्हतं, सकाळी नुसतीच भांडले होते. माईक तोंडाशी होता, पण मी बोलले अब्बांशी.

“सगळं झालं, तरी धरलेली जागा तिनं झाकली नाही. झळाळवरची माणसं पोरांना ती खूण दाखवतात आणि सांगतात, बघा, आपण विस्तवावर होतो ना, तेव्हा आपल्याला कुणीतरी घट्ट धरून होतं.”

बोळा तसाच हवेत राहिला. अम्मीचा भाता थांबला. अब्बांनी अम्मीकडं पाहिलं, मग माझ्याकडं. बोळा खाली ठेवला. आणि सांडशीनं परात अशी उंच धरली की पार मागच्या भिंतीवर बसलेल्यांनाही दिसावी. चांदीचं आभाळ आणि काठाशी पिवळा सूर्य! टाळ्या अशा पडल्या की माझं पुढचं ‘धन्यवाद’ कुणालाच ऐकू गेलं नाही.

परात निवल्यावर पुतळाबाई आपली जोडी न्यायला आल्या. त्यांनी चष्मा सारखा करून काठ न्याहाळला.

“सिद्दीक, हितं एवढंसं राह्यलं की रं.”

मी अब्बांना खेटून उभी राहिले.

“राह्यलं न्हाई, आक्का,” अब्बा म्हणाले. “ठिवलंय.”

“आन् ते कशापायी?”

“आमच्या शायनाच्या दुनियेत तसंच आसतंय.”

पुतळाबाईंनी माझ्याकडं बघितलं. मी मान ताठ केली. मग ठिपक्याची परात त्यांनी वर घेतली आणि बिनडागाची खाली.

सोमवारी सकाळी भाता घरात खुंटीला होता. अब्बांनी निळा शर्ट घातला, शिट्टी खिशात टाकली. मी शाळेला आणि ते एसटीला, असे बरोबरच निघालो. वाटेत पुतळाबाईंच्या अंगणात दोन्ही पराती धुऊन भिंतीला टेकवल्या होत्या. अब्बा थांबले. खाली वाकून, पिवळ्या ठिपक्याच्या परातीत बघून त्यांनी डोक्यावरची नवी टोपी नीट केली.