दुसऱ्यांच्या गोष्टी वाहून वाहून

मी एक पिशवी. कापडाची, खांद्याला अडकवायची, पुढच्या बाजूला हत्ती शिवलेली. तक्रार करायला मला इतका उशीर झाला, कारण बावीस वर्षं माझं तोंड कागदांनी भरलेलं होतं.

माझा जन्म ओडिशातल्या पिपिलीचा. कुणाच्या तरी लग्नमंडपाचं छत शिवून उरलेल्या लाल-पिवळ्या तुकड्यांतून एका शिंप्याने मला घडवलं. केंद्रापाड्याच्या मुलींच्या शाळेतल्या शिक्षिकांनी मला घेतलं, ते सैरिंध्री पाणिग्राही यांना निरोपाची भेट द्यायला. "डबा न्यायला बरी आहे," असं त्यांच्यातली एकजण म्हणाली. डबा. त्या एका शब्दावर विसंबून मी कटकला आले.

सैरिंध्रीबाई शाळेत ओडिया शिकवायच्या आणि मुलांसाठी गोष्टी लिहायच्या. त्यांची तीन पुस्तकं निघाली होती. त्या वर्गात वाचायला लागल्या की शेवटच्या बाकावरच्या मुली न सांगता पुढे सरकायच्या. ते ऐकूनच दयानिधीबाबूंनी त्यांना 'कुंभाटुआ'चं संपादन करायला बोलावलं. कुंभाटुआ म्हणजे आपला भारद्वाज. दयानिधीबाबू मुलांसाठी काढायचे त्या मासिकाचं ते नाव. बाईंचा बेत सोपा होता. दुपारी मासिक, सकाळी स्वतःचं लिखाण.

तो बेत पहिल्याच सोमवारी मोडला. त्या दिवशी बालुबजारातल्या कचेरीतून निघताना त्यांनी माझ्यात चौदा गोष्टी, सहा कविता आणि एक कादंबरी कोंबली. डबा हातात धरून आणला.

मुलांसाठी लिहिणं सोपं असतं असा लोकांचा का समज असतो, ते मला आजवर कळलेलं नाही. नोकरी संपली की माणसं लिहायला बसतात आणि ते सगळं माझ्यात येऊन पडतं. बृंदाबन राउतराय हे त्यांतले अग्रणी. निवृत्त तहसीलदार. दर मंगळवारी नवी गोष्ट घेऊन हजर. प्रत्येक गोष्टीत एक उंदीर खोटं बोलायचा आणि शेवटी मरायचा.

"यातला बोध बघा, दीदी," ते खुर्ची पुढे ओढून म्हणायचे.

"बोध दिसला, राउतरायबाबू. गोष्ट कुठे आहे?"

"गोष्ट तुम्ही घाला ना. तुमच्या हाताला ते वळण आहे."

आणि बाई घालायच्या. माझा संताप त्याचाच आहे. सकाळी लिहायला बसायच्या त्या तहसीलदारांचा उंदीर घेऊन. त्याला एक आत्या द्यायच्या, एक फुटका कंदील द्यायच्या, चार विनोद द्यायच्या. अंक निघाला की लोक रस्त्यात राउतरायबाबूंना थांबवून गोष्टीचं कौतुक करायचे आणि ते मान डोलवायचे.

बाईंची थोरली बहीण कुंतलाअपा त्यांच्याबरोबर राहायची. ती मुढी, म्हणजे आपले चुरमुरे, चाळता चाळता विचारायची, "तो उंदीर तू किती वर्षं पोसणार आहेस, सैरी?"

"एवढा अंक होऊ दे. मग माझी कादंबरी हातात घेते."

"गेल्या रज सणालाही हेच म्हणालीस. त्याच्या आधीच्यालाही."

"अपा, वाईट छापलं तर मुलं वाचणं सोडतील."

"आणि तू लिहिणं सोडलंस, ते?"

यावर बाई लाल पेन्सिलीला टोक करायला लागायच्या. ती पेन्सिल त्यांना सवयीची झाली होती. लेखक चांगला असो, वाईट असो, पान समोर आलं की हात चालायचा. पुढे पुढे 'कुंभाटुआ'तल्या सगळ्या गोष्टी एकाच माणसाने लिहिल्यासारख्या वाटायला लागल्या. बाईंना ते कळत नव्हतं. मला कळत होतं, पण पिशवीला कोण विचारतो?

मग एका पावसाळ्यात टपालाने शाळेच्या वहीची चार पानं आली. लिहिणारा खेत्रबासी बेहेरा, चिलिका सरोवराच्या काठचा मासेमार. गोष्ट त्याच्या कुत्र्याची होती, भालूची. वादळाचा इशारा येतो, घरची सगळी माणसं निवाऱ्याला जातात, भालू होडी सोडून यायला तयार होत नाही. सकाळी माणसं परततात तेव्हा घाटावर होडी नसते आणि कुत्राही नसतो. बस, एवढीच गोष्ट.

बाईंनी ती उभ्याउभ्याच वाचली. तीन पानांवर पेन्सिल टेकली नाही. इतक्या वर्षांत असं झालेलं मी पाहिलं नव्हतं. चौथ्या पानाशी मात्र त्या थांबल्या, खाली बसल्या, आणि त्यांनी शेवट खोडला. नव्या शेवटात आठव्या दिवशी भालू चिखलाने माखून, शेपूट हलवत घाटावर येतो.

"मुलं रडतील नाहीतर," त्या दयानिधीबाबूंना म्हणाल्या.

"उत्तम केलंत," दयानिधीबाबू म्हणाले. "रडवणारं मासिक कोण घेईल?"

अंक निघाल्यावर तीन आठवड्यांनी खेत्रबासी कचेरीत आला. काळासावळा, बारीक माणूस, इस्त्रीचा सदरा घातलेला. वर्तमानपत्रात बांधलेली सुकी कोळंबी त्याने टेबलावर ठेवली. बाईंनी ती माझ्यात ठेवली. वास आजही गेलेला नाही, पण ते असो.

"आज्ञा," तो म्हणाला. तिकडे मोठ्या माणसाशी बोलताना असंच म्हणतात. "माझी गोष्ट छापलीत, फार उपकार झाले. पण कुत्रा परत आला नव्हता."

"ठाऊक आहे," बाई म्हणाल्या. "पण ही मुलांची गोष्ट आहे, बेहेराबाबू. तुमचा शेवट मुलांना झेपला नसता."

"माझी मुलगी आठ वर्षांची आहे. तिला झेपला होता."

बाईंनी हातातली लाल पेन्सिल खाली ठेवली.

"वादळानंतर रोज ती घाटावर भात घेऊन बसायची. वर्षभर आम्ही समजावलं. मग तिचं तिलाच कळलं आणि तिने जाणं सोडलं. तेव्हा मी ही गोष्ट लिहिली. तिने वाचली, हो म्हणाली, मगच पाठवली." त्याने सदऱ्याच्या बाहीने तोंड पुसलं. "तुमचा अंक आल्यापासून ती पुन्हा भात घेऊन घाटावर जातेय."

"तुम्ही तिला सांगा ना, की ते बाईंनी…"

"सांगितलं. म्हणते, बापा, छापलंय म्हणजे खरंच असेल. तुम्हालाच माहीत नसेल."

तो चिडला नव्हता. चिडला असता तर बाईंना बरं पडलं असतं. लेखकांशी भांडायची त्यांना सवय होती. तो नमस्कार करून गाडी गाठायला निघून गेला. बाई मला मांडीवर घेऊन बसून राहिल्या. त्यांचे हात माझ्या पट्ट्याला असा पीळ घालत होते की मला वाटलं आता तुटतेच.

दुसऱ्या दिवशी त्यांनी पुढच्या अंकासाठी एक पान तयार केलं. वर खेत्रबासीचा मूळ शेवट, जसाच्या तसा. खाली दोन ओळी: 'मागच्या अंकातला शेवट मी बदलला होता. तो खोटा होता. भालू परत आला नाही. चूक माझी आहे. सैरिंध्री पाणिग्राही.'

दयानिधीबाबूंनी पान वाचलं आणि चष्मा काढला. "शेवट हवा तर छापा. खालच्या ओळी काढा. संपादकच चुकतो म्हटल्यावर मासिकाची काय अब्रू राहिली?"

"त्या ओळींशिवाय ती मुलगी विश्वास ठेवणार नाही."

"एका मुलीसाठी?"

"मासिक कुणासाठी काढतो आपण, दयानिधीबाबू?"

"दीदी, हट्ट करू नका."

"बावीस वर्षांत पहिल्यांदाच करतेय," बाई म्हणाल्या. "हे पान छापा आणि पुढच्या अंकापासून माझं नाव काढून टाका."

पान छापलं गेलं. नावही गेलं. संतापलेल्या पालकांची पत्रं आली, एका शाळेने अंक बंद केला. राउतरायबाबू घरी येऊन विचारून गेले की आता त्यांच्या उंदराचं कसं होणार. कुंतलाअपाने त्यांना चहा दिला आणि दार दाखवलं.

पंधरा दिवसांनी एक पोस्टकार्ड आलं. 'आज्ञा, मुलीने वाचलं. दोन दिवस रडली. आता जात नाही. खेत्रबासी.' बाईंनी ते अपाला वाचून दाखवलं.

तुम्हाला वाटेल, आता तरी त्या स्वतःचं लिहायला बसल्या असतील. छे. त्यांनी खेत्रबासीला पत्र घालून आणखी गोष्टी मागवल्या. त्याने अकरा पाठवल्या. त्या घेऊन आम्ही दोघी कटकातल्या प्रकाशकांचे जिने चढलो. चौथ्याने हो म्हटलं. बाईंनी शुद्धलेखनाच्या चुका काढल्या, बाकी एका शब्दाला हात लावला नाही. मात्र छापायला देईपर्यंत त्यांची बोटं शिवशिवत होती, हे मी जवळून पाहिलं आहे.

ते पुस्तक निघालं आणि मगच त्यांनी आपली कादंबरी हातात घेतली. दोन वर्षं रोज सकाळी लिहीत होत्या. एकदाची ती पुरी झाली. वाचायला कुणाला द्यायची? कटकात एवढे विद्वान पडलेत, पण बाईंनी हस्तलिखित माझ्यात घातलं, गाडीने चिलिकाकाठच्या बालुगावला गेल्या आणि खेत्रबासीच्या हातात ठेवून आल्या.

गेल्या शुक्रवारी ते परत आलं. सोबत चिठ्ठी होती: 'आज्ञा, चाळिसाव्या पानापासून फार सुंदर आहे. त्याच्या आधी माझी मुलगी दोनदा झोपली.'

बाईंचा चेहरा काय सांगू? "याला कादंबरीतलं काय कळतं?" असं त्या शनिवारी म्हणाल्या. रविवारीही म्हणाल्या. सोमवारी जेवताना म्हणाल्या तेव्हा अपा घास खाली ठेवून इतकी हसली की तिला ठसका लागला.

मी आता खुंटीला असते. माझा पट्टा दोनदा तुटला, अपाने तो हिरव्या दोऱ्याने शिवला, हत्तीचा एक कान गेला. माझ्यात सध्या कांदे आहेत आणि खरं सांगायचं तर राउतरायबाबूंपेक्षा ते हलके आहेत. आज सकाळी बाई पुन्हा टेबलाशी बसल्या, लाल पेन्सिल घेतली आणि पहिल्या पानापासून खोडायला लागल्या. एकेक पान खाली टाकताना काहीतरी पुटपुटत होत्या. आत्ता सदतिसावं चाललं आहे. तुमच्यापैकी कुणी या घरी आलात, तर माझी एवढीच विनवणी आहे: थोडा वेळ त्यांच्याशी बोलू नका, आणि कृपा करून आपलं लिखाण बरोबर आणू नका.