लाइटीतला फौजी

उत्तरेश्वर चोवीस वर्षं लाइट इन्फंट्रीत होता आणि हवालदार होऊन गावी परतला. आमचं गाव केजच्या पुढं. इथं लाइट म्हणजे वीज. शब्दाला दुसरा अर्थ असू शकतो, याची आम्हाला कधी गरज पडली नाही. तो परतल्याच्या दुसऱ्याच दिवशी मंजुळाकाकू त्याच्या दारात हजर.

"उत्तरेश्वरा, तू फौजंत लाइटीत व्हतास न्हवं? आमचा बल्ब लई लुकलुक करतोय. बघ की जरा."

म्हातारीचं मन मोडायला नको म्हणून तो गेला आणि बल्ब बदलून आला. तिथंच घात झाला. त्यानंतर कुणाची मोटर बंद पडो, कुणाच्या फ्रिजला शॉक येवो, पहिली हाक फौजीला. सीमेवर छातीचा कोट करून उभा राहिलेला माणूस आमच्या गावात दुसऱ्यांचे फ्यूज बांधत होता.

गावाला नावं ठेवतोय खरा, पण या चुकीचं मूळ मीच. मी संगमेश्वर. माझं हार्डवेअरचं दुकान आहे, आणि पूर्वी गावाची पत्रं आमच्याच दुकानात यायची. 'माझी लाइट इन्फंट्रीत निवड झाली,' असं उत्तरेश्वरचं पत्र आलं, ते मीच त्याच्या वडलांना वाचून दाखवलं. इन्फंट्री म्हणजे काय ते मला कळलं नाही. वीस वर्षांच्या, नव्यानं गल्ल्यावर बसलेल्या माणसाला 'कळलं नाही' असं म्हणता येत नाही. मी ठोकून दिलं, "लाइटीच्या खात्यात लागलाय." संध्याकाळपर्यंत गावभर झालं. इतकी वर्षं मी हे कुणाला बोललो नव्हतो.

त्यानं खुलासा केला नाही असं नाही. लेकीला बघायला सिरसाळ्याहून पाहुणे आले, तेव्हा त्यानं ताठ बसून सांगितलं, "लाइट म्हणजे हलकी. मी हलक्या पलटणीत व्हतो." पाहुण्यांनी कपबशा खाली ठेवल्या. आमच्याकडं माल हलका असतो, नियत हलकी असते. सैन्यातही हलकं निघतं आणि नेमका आपला व्याही त्यातला, हे त्यांना पचेना. आतून त्याची बायको, वत्सलावहिनी, धावत आल्या. "गंमत करत्यात हो! हे लाइटीत व्हते. मोठ्या लाइटीत!" सोयरीक जुळली, आणि वहिनींनी त्याला 'हलकी' हा शब्द तोंडातून काढायचा नाही अशी ताकीद दिली. माणूस एकीकडून वायरमन आणि दुसरीकडून हलका. बोलणार काय?

या वर्षी मात्र शाळेच्या हेडमास्तरांनी त्याला सव्वीस जानेवारीला अर्धा तास बोलायला दिला. विषय त्यानंच निवडला: हलक्या पायदळाचा इतिहास आणि डावपेच. दोन महिने तो माझ्या दुकानात खिळ्यांच्या पेटीवर बसून भाषण घोकत होता. मला पाठ झालं होतं. पूर्वी फौजा सरळ रांगा करून, ढोलाच्या तालावर, समोरासमोर उभ्या राहून लढायच्या. हलके शिपाई त्यांच्या पुढं पसरायचे. अंगावर ओझं कमी, चाल जलद, झाडाझुडपाचा आडोसा, आणि जोडीजोडीनं काम. एक सरकतो, तेव्हा दुसरा त्याच्यावर नजर ठेवतो.

"संग्या," तो एकदा म्हणाला, "माझे दोन जोडीदार गेले बघ. पहाडावर. लोकांनी मला फ्यूज बांधाया बलवलं की ते दोघं डोळ्यापुढं येत्यात. एकदा तरी गावाला खरं कळू दे."

त्या दिवशी मी एका गिऱ्हाइकाला खिळ्यांऐवजी स्क्रू बांधून दिले.

आणि तेवीस तारखेला गावचा ट्रान्सफॉर्मर, म्हणजे आमची डीपी, जळाली. गव्हाचा दाणा ऐन चिकात, भरत आलेला, विहिरीत पाणी, आणि मोटरी मुक्या. बंकट ट्रॅक्टरवाला सगळ्यांना घेऊन उत्तरेश्वरच्या दारात आला.

"फौजी, चढा खांबावर."

"मी वायरमन न्हाई बे!" उत्तरेश्वर असा ओरडला की शेजारची कुत्री उठली.

"मंग ऱ्हाऊ द्या. सव्वीस तारखेला समदं गाव केजला जाऊन बसतंय. डीपी मिळंस्तवर हलायचं न्हाई."

म्हणजे भाषणाला खुर्च्या आणि हेडमास्तर. उत्तरेश्वरचा चेहरा पडला. मग हळूहळू ताठ झाला.

"मी उद्याच्याला डीपी आणून देतो. पर समदे भाषणाला येणार. आन मी सांगंन तसं चालायचं."

केजच्या वर्कशॉपात दुरुस्त झालेली डीपी एकच होती. अर्जाचा पहिला नंबर आमचा. पण पलीकडच्या गावचे सुंदरराव ट्रॉलीत चाळीस माणसं घालून सकाळपासून फाटकात ठाण मांडून बसले होते. झेंडा, सतरंजी, माईक, सगळा थाट. वर्कशॉपचा मालक घाबरून म्हणत होता, "तुमी आपसात मिटवा."

उत्तरेश्वरनं लांबूनच पाहिलं. "ही झाली जड फौज. एका जागी बसलेली, तोंड एकाच बाजूला. आपण दहा जणच. पाच जोड्या करा."

एक जोडी मालकाच्या कागदावर सह्या घ्यायला, एक डीपीत भरायच्या तेलाच्या कॅनवर, एक वजन उचलायची चेनकप्पी घेऊन मागच्या फाटकाशी. बंकटनं ट्रॅक्टर कापसाच्या जिनिंग कारखान्याच्या भिंतीआड बंद करून ठेवला. मी आणि माझा जोडीदार आश्रुबा समोरच्या हॉटेलात, शत्रूवर नजर ठेवायला. उत्तरेश्वर स्वतः भिंतीवर. त्याची एक शिट्टी म्हणजे पुढं व्हा.

आम्ही भजी मागवली. नजर ठेवणाऱ्यानं संशय येऊ देऊ नये. दुसरी प्लेट येतेय तोच शिट्टी झाली. आश्रुबा उडी मारून रस्त्यावर, मागोमाग मी. थेट सुंदररावांच्या सतरंजीपाशी पोचल्यावर मला उमजलं की ती शिट्टी हॉटेलातल्या कुकरची होती.

चाळीस माणसं आमच्याकडं बघत होती. सुंदररावांनी विचारलं, "तुमी कोण्या गावचे?"

आश्रुबानं एका हातात भजं धरून दुसरा हात उंच केला आणि गर्जना केली, "लाइट आमच्या हक्काची!" आंदोलनाला बसलेला माणूस घोषणेला उत्तर दिल्याशिवाय राहू शकत नाही. चाळीस गळे ओरडले, "न्हाई कुणाच्या बापाची!" आश्रुबानं दुसरी दिली, तिसरी दिली. मीही जोडीदार म्हणून ओरडलो. त्या गदारोळात मागं चेनकप्पीची खडखड कुणाला ऐकू येणार?

मागचं फाटक अरुंद. "तेल भरू नगा," उत्तरेश्वर भिंतीवरून मालकाला म्हणाला, "ते गावात भरू. डीपी हलकी पायजे." पाइपांच्या तुकड्यांवरून ढकलत चौघांनी ती ट्रॉलीपर्यंत नेली. दोघं ढकलणार, दोघं मागचे पाइप उचलून पुढं ठेवणार. डीपी ट्रॉलीत चढली, तशी खरी शिट्टी झाली. मी आणि आश्रुबा पाणी प्यायला म्हणून सटकलो, ते परत गेलोच नाही. मागं घोषणा चालूच होत्या.

ट्रॉलीत डीपीला टेकून बसलो असताना मला राहवलं नाही. "उत्तरेश्वर, तुला एक सांगायचंय. ते लाइटीचं... गावाला मीच सांगितलं होतं."

"म्हाईत हाय."

"कसं?"

"बापानं तवा तुझ्याकडून उत्तर लिहून घेतलं व्हतं. 'तारेला हात लावू नको, रबरी चपला घालत जा.' अक्षर तुझंच व्हतं की." त्यानं डीपीचा दोर ओढून घट्ट केला. "पलटणीत समद्याला वाचून दाखवलं मी ते. लई हसले. ते दोघं तर मला रबरी चप्पलच म्हणायचे. त्येच्यामुळं तुझ्यावर राग धरता आला न्हाई."

सव्वीसला सगळं गाव शाळेत हजर. उत्तरेश्वर मेडलं लावून माईकसमोर उभा राहिला. "लाइट इन्फंट्री म्हणजे..." म्हणाला आणि अडखळला. त्यानं वहिनींकडं पाहिलं. मग डोळे मिटून म्हणाला, "हलकी पलटण."

कुजबुज सुरू झाली. तेवढ्यात बंकट उठला. "ओ, गप बसा! हलकी म्हंजी वाईट न्हवं. वझं कमी आन डोकं जास्त. आमी परवा केजला जाऊन आलाव."

"जोडीजोडीनं," आश्रुबा म्हणाला.

उत्तरेश्वर रांगांबद्दल बोलला, आडोशांबद्दल बोलला. मग तो त्या पहाडापर्यंत आला, आपल्या दोन जोडीदारांची नावं त्यानं घेतली, आणि नेमकी लाइट गेली. माईक मुका. सवयीनं सगळ्या माना त्याच्याकडं वळल्या. त्यानंही सवयीनं खिशातला टेस्टर काढला, आणि तो पायरी उतरू लागला.

पहिल्या रांगेतून मंजुळाकाकू काठी टेकत उठल्या.

"उत्तरेश्वरा, कुठं चाललास? जाऊ दे ती लाइट. त्या दोन लेकरांचं काय झालं ते सांग."

मागचे लोक सतरंजी ओढत पुढं सरकले. उत्तरेश्वरनं टेस्टर परत खिशात ठेवला, पायरीवरच बसला आणि सांगायला लागला.